हात हलवणारी बाई

क्रिस्पिन लेथमला एक बाई हवी होती. धक्क्यावर उभी राहून निघालेल्या बोटीला हात करणारी, वाऱ्याने केस विस्कटलेली, डोळे भरून आलेली आणि जमलंच तर देखणी. यॉर्कशरच्या किनाऱ्यावरच्या मच्छीमारांवर तो टीव्हीसाठी मालिका करत होता. मच्छीमार म्हटलं की बोट, बोट म्हटली की धक्का आणि धक्का म्हटला की रडणारी बाई, एवढं ज्ञान त्याला लंडनमध्ये खुर्चीवर बसल्या बसल्या झालं होतं.

"तिथल्या बायका धक्क्यावर जात नसत," गेनर म्हणाली. हे तिने पहिल्या दिवशीही सांगितलं होतं. "नवरा निघाला की बायको दारापर्यंतसुद्धा यायची नाही. हात हलवला की लाट माणसाला ओढून नेते, असं मानायचे. त्या दिवशी घरात कपडेही धुवायचे नाहीत."

"अप्रतिम आहे हे," क्रिस्पिन म्हणाला. "पण दिसणार काय? बाई आली नाही, हे मी दाखवू कसं?"

"रिकामा धक्का दाखव."

"डार्लिंग, रिकाम्या धक्क्याला लोक चॅनेल बदलतात."

गेनर प्रॉबर्टचं काम जुन्या फिल्म हुडकण्याचं आणि त्या दाखवण्याचे हक्क मिळवण्याचं. संग्रहालयांची तळघरं, बंद पडलेल्या कंपन्यांची गोदामं, मेलेल्या माणसांचे माळे, सगळीकडे तिचं नाक पोचलेलं. या धंद्यात तिचे केस पांढरे झाले होते आणि धंद्याबद्दलचा आदर कधीच उडाला होता. पाईप पेटवणारा एकच सैनिक तिने वेगवेगळ्या दिग्दर्शकांना वेगवेगळ्या युद्धांसाठी मिळवून दिला होता. मुक्या फिल्मला समुद्रपक्ष्यांचा कलकलाट चिकटवायचा, फिल्म थोडी पिवळी करायची, खाली उदास पियानो सोडायचा, की झाला इतिहास तयार! मग हीच मंडळी बक्षिसं घ्यायला स्टेजवर चढायची आणि सत्याचा शोध घेतल्याबद्दल स्वतःची पाठ थोपटून घ्यायची. गेनर मागच्या टेबलावर बसून फुकटची वाईन प्यायची.

पण या खेपेला तिला घबाड सापडलं होतं. थॉर्नहेवन बंदराची 'मार्टन स्टार' नावाची बोट साठच्या दशकात आइसलंडच्या बाजूला सगळ्या माणसांसकट बुडाली. त्या बोटीची हलती चित्रं कुणाकडेच नाहीत, असं सगळे धरून चालले होते. गेनरने तिथल्या स्थानिक पेपरात चार ओळींचं आवाहन दिलं आणि मोना एलरबी नावाच्या म्हातारीचा फोन आला.

मोना त्या बोटीवरच्या केन एलरबीची बायको. केनचा भाऊ विल्फ बंदरावरच्या बर्फाच्या कारखान्यात कारकून होता. त्याला कबुतरांचं वेड आणि छोट्या कॅमेऱ्याचं वेड, त्यामुळे तो कबुतरांच्याच फिल्म काढायचा. एकदा रिळात थोडी फिल्म उरली होती, ती संपवायला त्याने खिडकीतून भावाची बोट टिपली. बोट गेली ती गेलीच. त्यानंतर विल्फने त्या रिळाला हात लावला नाही. तो वारल्यावर सामानाची खोकी मोनाकडे आली आणि 'कबुतरं' असं लिहिलेल्या डब्यात तिला नवऱ्याची बोट सापडली.

गेनर पहिल्यांदा थॉर्नहेवनला गेली तेव्हा मोनाने दार उघडून तिला आधी खालून वर न्याहाळलं.

"टीव्हीवाली तूच का? तुमच्यातले मला सगळे चकचकीत वाटायचे."

"चकचकीत असतात ते आमच्यावर हुकूम सोडतात, मिसेस एलरबी."

"मोना म्हण. ये आत, चहा निवतोय."

गेनरने रीळ प्रोजेक्टरवर चढवण्याआधी फिल्मची अख्खी पट्टी चिमटीतून सरकवत नेली.

"हे काय करतेस, पोरी?" मोनाने विचारलं. पन्नाशी उलटलेल्या गेनरला पोरी म्हणणारं आता जगात दुसरं कुणी उरलं नव्हतं.

"जोड बघतेय. फिल्म कुठे कापली असेल तर तिथे चिकटवलेली असते. तो उंचवटा बोटाला लागतो. जुना जोड मशीनमध्ये सुटतो आणि फिल्म फाटते."

"म्हणजे कापलेलं लपत नाही?"

"अशा खऱ्या फिल्मवर नाही लपत."

मोनाने पट्टीवरून एकदा स्वतःचं बोट फिरवून पाहिलं. मग दोघींनी भिंतीवर फिल्म पाहिली. कबुतरं, कबुतरं, विल्फच्या परसातले कोबीचे गड्डे, आणि अचानक बोटीचं गंजकं नाक. बोट दोन धक्क्यांच्या मधून हळूहळू सरकते आहे, डेकवर माणसं कामात आहेत. मग कॅमेरा बोटीवरून निघून धक्क्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरतो. ओला दगड, माशांची रिकामी खोकी, भिंतीला टेकवलेली सायकल, एक कुत्रं. माणूस एकही नाही.

"बघितलंस?" मोना म्हणाली. "मी तिथे नाहीये."

गेनरला काही समजलं नाही, तेव्हा मोनाने सांगितलं. ती मूळची वेकफील्डची, समुद्रापासून लांबची. लग्नाला जेमतेम काही महिने झाले होते. बोट बुडाल्यावर कुणीतरी उठवलं, की त्या बाहेरच्या पोरीला रीतभात कुठली, ती पिवळा कोट घालून धक्क्यावर गेली होती आणि तिने हात हलवला. दुकानाच्या रांगेत बायका तिच्याकडे पाठ करायच्या. पोरं गल्लीत तिच्यामागून हात हलवत चालायची. आता ती पोरंही म्हातारी झाली, तरी गावात तिचं नाव 'हात हलवणारी'च राहिलं.

"कोणी उठवलं हे?"

"थेल्मा गॉटने. तिचा जॅकही त्याच बोटीवर होता. आधी मला तिची कीव यायची. आता नाही येत."

"मग तुम्ही गाव सोडून का गेला नाहीत?"

"गेले असते तर ते खरं ठरलं असतं ना! मी दाराला कडी लावून घरात बसले होते गं. केनच्या आईने शिकवलं होतं, तसंच. खिडकीचा पडदासुद्धा बाजूला केला नव्हता."

मोनाला पैसे नको होते. तिची अट एकच होती. तो धक्का या टोकापासून त्या टोकापर्यंत पूर्ण दाखवायचा, मध्ये काही घुसडायचं नाही. गेनरने शब्द दिला. ट्रेनमध्ये बसल्यावर तिच्या लक्षात आलं की शब्द देणारी ती कोण? कात्री क्रिस्पिनच्या हातात होती. तिला स्वतःचाच राग आला, पण फोन करून शब्द मागे घ्यायचं धाडस काही तिला झालं नाही.

या धंद्याची रीत उरफाटी आहे. फिल्मची कच्ची प्रत घ्यायची, तिच्यावर वेळेचे आकडे पळत असतात, तीच कापून जोडून कार्यक्रम पूर्ण रचायचा आणि मग मालकाकडे सही मागायला जायचं. लग्न लावून झाल्यावर मुलीच्या बापाला विचारायला जावं, तसला प्रकार. आणि सही होईपर्यंत मालकाला रचलेला कार्यक्रम दाखवायचा नाही, हा तर दंडकच. दाखवला तर तो बोलेल ना!

क्रिस्पिनने रचलेला भाग गेनरने लंडनच्या सोहोमधल्या एडिटिंगच्या खोलीत पाहिला. 'मार्टन स्टार' निघाली. कॅमेरा धक्क्यावर फिरू लागला. ओला दगड, खोकी, आणि मग एकदम एक बाई. हॅट घातलेली, हातात मोजे, रुमाल हलवते आहे, ओठ थरथरताहेत. पुन्हा बोट. वर पियानो.

"ही साउथॅम्प्टनची आहे," गेनर म्हणाली. "ऑस्ट्रेलियाला निघालेल्या बहिणीला निरोप देतेय. मासेमारी बोटीवरच्या माणसाच्या बायकोकडे असले मोजे कुठून येणार?"

"मोजे कोण बघतंय?"

"थॉर्नहेवन बघेल. तुला मी मोनाबद्दल सगळं सांगितलंय, क्रिस्पिन. तू बरोब्बर तिच्यावरचा आरोप चित्रात काढून दिलास."

"ही ती नाहीच आहे. ही एक बाई आहे. सगळ्या बायकांची प्रतिनिधी." क्रिस्पिनने डोळे अर्धवट मिटले. काहीतरी खोल बोलायचं असलं की तो तसं करायचा. "आणि खरं सांगू? ही क्लिप तूच मला काढून दिलीस."

ते मात्र खरं होतं. त्याने 'निरोप, बायका, बंदर' असं मागितलं होतं आणि तिने सवयीने फोल्डर भरून पाठवला होता. भाजीवाल्याने कोथिंबीर टाकावी तसा. गेनरला स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं.

"तू फक्त म्हातारीची सही आण," क्रिस्पिन म्हणाला. "आणि तिला काही दाखवू नकोस. तू जुनं माणूस आहेस, तुला काय सांगायचं."

गेनर करारनामा आणि लॅपटॉप असं दोन्ही घेऊन थॉर्नहेवनला गेली. मोनाने चष्मा लावून करार वाचायला घेतला.

"'अवघ्या विश्वात, आज असलेल्या आणि पुढे निघणाऱ्या सर्व माध्यमांत, हवा तसा कापून, कायमचा'," ती मोठ्याने म्हणाली. "विश्वात? मंगळावर कोण बघणारे हे?"

"वकिलांची हौस असते. सही करण्याआधी हे बघा." गेनरने लॅपटॉप उघडला आणि आपल्या इतक्या वर्षांच्या धंद्याचा दंडक मोडला.

मोनाने बोट पाहिली, धक्का पाहिला, रुमाल हलवणारी बाई पाहिली. तिच्या गालावरचा रंग उतरला. मग ती हसली.

"छान हॅट आहे. मला कधी परवडली नसती." तिने करार घडी घालून चहाच्या किटलीखाली ठेवला, टेबलाला डाग पडू नये म्हणून. "सांग तुझ्या साहेबाला, सही मिळणार नाही."

क्रिस्पिन फोनवर किंचाळला. गेनरने विश्वासघात केला, कलेचा गळा घोटला, एका म्हातारीच्या हट्टापायी राष्ट्राचा ठेवा पाण्यात घातला, आणि शेवटच्या नामावलीत तिचं नाव येणार नाही. हे सगळं बोलून झाल्यावर त्याने 'मार्टन स्टार' काढली आणि तिच्या जागी दुसऱ्याच बंदराची कुठलीशी बोट टाकली. बाई तशीच ठेवली. निवेदक धीरगंभीर आवाजात 'मार्टन स्टार'चीच कहाणी सांगत राहिला. मालिका लागली, पेपरवाल्यांनी तिला हृदयस्पर्शी म्हटलं आणि बोट भलतीच आहे हे त्यांच्यातल्या एकाही शहाण्याच्या ध्यानात आलं नाही.

थॉर्नहेवनच्या लोकांना कळलं. पण त्यांना बोटीपेक्षा बाईत जास्त रस होता. दुसऱ्या दिवशी बेकरीत थेल्मा गॉट सगळ्यांदेखत मोनाला म्हणाली, "शेवटी टीव्हीवर आलीस की! कोट मात्र पिवळा दिसला नाही."

मोना पाव घेऊन घरी आली आणि तिने गेनरला फोन केला. "सही दिली नाही तरी फाशी मलाच. ते तुझं मशीन घेऊन ये, पोरी. रविवारी दुपारी. क्लबचा हॉल मी सांगून ठेवते."

मच्छीमारांच्या क्लबात आता मच्छीमार फारसे उरले नव्हते, पण हॉल भरला. फुकट चहा होता, अंड्याची सँडविचेस होती आणि गावाला मोनाची फजिती बघायला मिळणार होती. थेल्मा दाराजवळ बसली. थंडी नसतानाही तिने कोट काढला नाही, जणू पाच मिनिटांत हे आटोपून तिला घरी जायचं होतं.

गेनरने पडदा टांगला आणि मशीन सुरू केलं. कबुतरं आली तेव्हा लोक हसले. कोबी आले तेव्हा कुणीतरी विल्फच्या नावाने टाळी वाजवली. बोट आली आणि पुढच्या रांगा पुढे झुकल्या. कॅमेरा धक्क्यावर फिरला. ओला दगड, खोकी, सायकल, कुत्रं. मग पडदा पांढरा झाला आणि फिल्मचं टोक फटफट वाजू लागलं.

"कोणी नाहीये," पुढच्या रांगेतला एक म्हातारा म्हणाला. "धक्क्यावर कोणीच नाहीये की."

"काढून टाकलंय तिला," थेल्मा मागून म्हणाली.

सगळ्या माना वळल्या.

"असे काय बघता? माझ्या नातीने लग्नाच्या फोटोंतून पहिल्या नवऱ्याला काढून टाकलं. शेजारी मी उभी आहे, आता वाटतं मी भिंतीच्या गळ्यात हात टाकलाय. आणि ही बाई तर लंडनची, टीव्हीवाली. हिला काय अशक्य आहे?"

"तेही खरंच," कुणीतरी पुटपुटलं. "टीव्हीवाले काहीही करतात. परवा बोटसुद्धा भलतीच दाखवली."

हॉलभर माना डोलल्या. गेनर मशीनपाशी उभी होती. काय सांगणार होती ती? आम्ही असं करत नाही? आयुष्यभर तिने हेच केलं होतं, खोट्याला खऱ्याचे तुकडे पुरवले होते, आणि आता हातात अस्सल चीज घेऊन उभी असताना तिच्यावर कुणी विश्वास ठेवत नव्हतं. शरमेने तिचे कान तापले.

मोना उठली. "रीळ काढून दे," ती गेनरला म्हणाली. रीळ घेऊन ती खुर्च्यांमधून वाट काढत दारापाशी गेली आणि तिने ते थेल्माच्या मांडीवर ठेवलं.

"तू जाळी विणायचीस ना, थेल्मा?"

"मी विणायचे, तू काय विचारतेस? सगळ्या बंदरात माझ्यासारखी जाळी कोणाची नव्हती."

"तेच म्हणतेय मी. दुसरीने विणलेलं जाळं मुकादम तुझ्याकडे तपासायला द्यायचा. तू डोळे मिटून खोटी गाठ काढायचीस. ही खरी फिल्म आहे, तुझ्या नातीचा फोटो नाही. कापली तर जोडावी लागते आणि जोड बोटाला लागतो. शोध. मी धक्क्यावर असेन तर मला कापलेल्या जागी जोड असणारच."

"मला नाही असले खेळ खेळायचे."

"सापडला तर सगळ्यांसमोर कबूल करीन की मी हात हलवला."

आता थेल्माला माघार घेता येईना, सगळा गाव बघत होता. तिने पट्टीचं टोक चिमटीत धरलं. बोटं संधिवाताने वाकडी झाली होती, पण फिल्म सरकू लागली तशी ती बोटं जागी झाली आणि कुणाची नजर नको म्हणून की काय, तिने डोळे मिटून घेतले. चहाच्या बंबाचा सूं सूं आवाज तेवढा येत होता. पट्टीची वेटोळी तिच्या कोटावरून जमिनीवर घरंगळत होती.

एकदम तिचा हात थांबला. "हा! हा बघा जोड!" ती ओरडली. "मी म्हटलं नव्हतं?"

हॉल उठून उभा राहिला. गेनरही दचकली, पण दुसऱ्याच क्षणी तिला हा जोड आठवला. तिने तो तुकडा दिव्यासमोर धरला आणि थेल्माच्या डोळ्यांपुढे भिंग नेलं. "काय दिसतंय? जोडाच्या अलीकडे?"

थेल्माने बराच वेळ पाहिलं. "कबुतर."

"आणि पलीकडे?"

"कोबी," थेल्मा नाइलाजाने म्हणाली.

"या जातीच्या प्रत्येक रिळात फिल्म धुणारे मधोमध असा एक जोड टाकायचे. बोट अजून यायचीय. पुढे बघा."

थेल्माने पुढे पाहिलं. आता ती हळू जात होती, एकेक बोटभर, आणि तिच्या कपाळावर घाम आला होता. अख्खी बोट तिच्या चिमटीतून गेली, अख्खा धक्का गेला. टोक हातातून सुटलं. तिने ते जमिनीवरून उचललं आणि शेवटचा भाग उलट्या दिशेने पुन्हा चाचपला. मग तिचे हात मांडीवर पडले.

"नाही," ती म्हणाली.

"मोठ्याने बोल," मोना म्हणाली. "इतकी वर्षं तुझा आवाज चांगला खणखणीत होता."

थेल्माने मान वर केली. तिची हनुवटी हलत होती. "जोड नाही," ती म्हणाली, आणि हे मागच्या भिंतीपर्यंत ऐकू गेलं. "ती तिथे नव्हती."

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. पुढच्या रांगेतल्या म्हाताऱ्याने टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. ज्या बायका रांगेत पाठ फिरवायच्या त्या सँडविचकडे बघत बसल्या.

मोनाने जमिनीवरची फिल्म गोळा केली, धुळीने खराब होऊ नये म्हणून कार्डिगनच्या ओच्यात घेतली आणि गेनरला नेऊन दिली. "पुन्हा लाव, पोरी."

"आता कशाला? सगळ्यांना पटलंय."

"मला केनला बघायचंय. डबा सापडल्यापासून मी नुसता धक्काच बघतेय."

गेनर फिल्म गुंडाळू लागली. मागे थेल्मा कोटाची बटणं लावून उठली होती, तिचा हात दाराच्या कडीवर होता. मोनाने तिच्याकडे वळूनही पाहिलं नाही.

"बस खाली, थेल्मा," ती म्हणाली. "डेकवर तुझा जॅक आहे, सिगरेट पेटवतोय. तुलाही तो दिसला नाही."